गाडी अडवली, माल अडकला: आधी अपील की थेट हायकोर्टात रिट?

खतावणी_००७ (प्रश्न)

एका पुरवठादाराच्या अडकलेल्या मालाबद्दल नेमके विचारायचे आहे.

माल पीव्हीसी पाइप आणि फिटिंग्ज, किंमत ६,४०,००० रुपये, जीएसटी १८ टक्के म्हणजे १,१५,२००. वाहतूक राज्यातल्या राज्यात. बिल, बिल्टी (ट्रान्सपोर्टरची पावती) आणि ई-वे बिल (माल वाहतुकीचा ऑनलाइन परवाना) तिन्ही गाडीत होती. ई-वे बिलाची मुदत मंगळवारी मध्यरात्री संपली आणि भरारी पथकाने गाडी बुधवारी सकाळी ११.४० ला तपासली. मोजणीत माल बिलाशी तंतोतंत जुळला. त्याच दिवशी एमओव्ही-०६ (अडवणुकीचा आदेश) काढून माल आणि गाडी दोन्ही अडवली. शुक्रवारी एमओव्ही-०७ ची नोटीस ड्रायव्हरच्या हातात दिली, त्यात २,३०,४०० रुपये दंड प्रस्तावित आहे. आदेश अजून झालेला नाही.

उशीर टायर फुटल्यामुळे झाला. दुकानाची पावती आहे, पण एमओव्ही-०१ मधल्या ड्रायव्हरच्या जबाबात टायरचा उल्लेखच नाही.

सल्ले तीन मिळाले. वकील म्हणतात, मुदत संपलेल्या ई-वे बिलावर सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे, थेट रिट टाकू. कर सल्लागार म्हणतात, जीएसटी कायद्याच्या कलम १०७ चे अपील असताना कोर्ट दारातही उभे करणार नाही. ट्रान्सपोर्टर म्हणतो, भरा आणि सोडवा, गाडी उभी राहिल्याचे भाडे रोज चढतेय.

अपील केले तर माल सुटतो का? आणि आत्ता पैसे भरले तर अपिलाचा हक्क जातो का?

---

कलमकसाई

तिघांचेही अर्धे-अर्धे बरोबर आहे, कारण तिघे तीन वेगळ्या प्रश्नांची उत्तरे देताहेत. माल सोडवणे ही एक वाट आणि दंडाला आव्हान देणे ही दुसरी. या दोन्हींची गल्लत झाली की मालही अडकून राहतो आणि मुदतही हातची जाते.

अपिलाने माल सुटत नाही. सुटतो तो कलम १२९(१) खाली: दंड भरा, किंवा तेवढ्याच रकमेची हमी द्या. १ जानेवारी २०२२ पासून १२९(२) काढून टाकल्यामुळे जुन्या धर्तीची तात्पुरती सुटका संपली. कलम ६७ खालच्या जप्तीसाठी नियम १४० मध्ये बंधपत्रावर सुटका आहे, ती इथे लागू नाही. नेमके हेच दोन नियम एकमेकांत मिसळून अर्ज केले जातात आणि फेटाळले जातात.

आता तुमच्या तारखा बघू. १२९(३) प्रमाणे माल अडवल्यापासून ७ दिवसांत नोटीस निघायला हवी. तुमची तिसऱ्या दिवशी आली, म्हणजे मुदतीचा मुद्दा इथे नाही. नोटीस बजावल्यापासून ७ दिवसांत आदेश व्हायला हवा, म्हणजे पुढच्या शुक्रवारपर्यंत. तो त्यानंतरच्या तारखेचा आला तर मात्र मुद्दा तयार होतो, कारण या मुदती बंधनकारक मानून काही उच्च न्यायालयांनी उशिराचे आदेश रद्द केले आहेत. म्हणून एमओव्ही-०७ वर ड्रायव्हरने सही करताना तारीख-वेळ घातली आहे का ते आजच पाहा. नसेल तर अधिकाऱ्याला आजच्या तारखेचे पत्र द्या: “नोटीस अमुक शुक्रवारी चालकास मिळाली.” पोच घ्या.

उत्तर आत्ता, आदेशाआधी द्यायचे. टायरचा मुद्दा इथे पहिल्यांदा आला तरच तो पुढे टिकतो. अपिलात पहिल्यांदा काढलात तर “मागाहून सुचलेली सबब” एवढ्या तीन शब्दांत तो उडतो. सोबत काय लावायचे:

– दुकानाची पावती. त्यावर गाडीचा नंबर आणि तारीख हवी. नुसते “टायर १ नग” लिहिलेली पावती कुचकामी.
– फास्टॅगचे स्टेटमेंट. शेवटचा टोल आणि गाडी अडवल्याची जागा यांतले अंतर आणि वेळ त्यातून निघतो. त्याच ई-वे बिलावर दुसरी खेप झाली नाही, हेही तेच दाखवते, आणि अधिकाऱ्याच्या मनातला खरा संशय बहुधा तोच असतो.
– ड्रायव्हरचे प्रतिज्ञापत्र. जबाबात टायरचे का आले नाही, याचे साधे कारण त्यात असू द्या. जबाब छापील नमुन्यात असतो आणि उशिराचे कारण विचारलेच गेले नाही, असे असेल तर तसेच लिहा.
– बिल जीएसटीआर-१ (विक्रीचे विवरणपत्र) मध्ये दाखवले असल्यास त्याची प्रत.

उत्तराच्या शेवटी “प्रत्यक्ष सुनावणी हवी” ही ओळ स्वतंत्र परिच्छेदात. १२९(४) मध्ये सुनावणीचा हक्क आहेच. पण मागितलेली आणि नाकारलेली सुनावणी कागदावर दिसते, न मागितलेलीबद्दल नंतर भांडावे लागते.

एक खड्डा आधीच सांगतो. ८ तासांचा नियम तुमच्या विरुद्ध जातो. ई-वे बिलाची मुदत संपण्याआधी ८ तास आणि संपल्यानंतर ८ तास या काळात ते वाढवता येते. मंगळवारी मध्यरात्री संपले, म्हणजे बुधवारी सकाळी ८ पर्यंत ट्रान्सपोर्टरला ते वाढवता आले असते. गाडी तपासली ११.४० ला. “मग वाढवले का नाही?” हा प्रश्न सुनावणीत येणारच. टायर रात्री फुटला असेल आणि ट्रान्सपोर्टरच्या ऑफिसात सकाळी ९ पर्यंत कुणी नव्हते, तर ते तसेच सांगा. गोलमाल उत्तर देऊ नका.

दुसरा खड्डा: १४ सप्टेंबर २०१८ च्या ६४ क्रमांकाच्या परिपत्रकाचा आधार घेऊ नका. किरकोळ चुकांसाठी केंद्राचे ५०० आणि राज्याचे ५०० रुपये दंडाची सोय त्यात आहे, पण ती नावातले स्पेलिंग, पिनकोड, पत्ता, कागदाच्या क्रमांकातले एक-दोन आकडे, एचएसएन (मालाचा वर्गीकरण कोड) आणि गाडीच्या नंबरातले एक-दोन आकडे यांपुरती. मुदत संपणे त्या यादीत नाही. तसेच कलम १२६, म्हणजे किरकोळ चुकीला दंड नको, हेही उत्तरात सर्रास लिहितात. ठरावीक रकमेच्या किंवा ठरावीक टक्क्यांच्या दंडाला ते कलम लागू नाही, असे त्याच कलमाच्या पोटकलम ६ मध्ये आहे. १२९ चा दंड २०० टक्के, म्हणजे ठरावीक टक्केच. हा युक्तिवाद उत्तरात घातला की बाकीचे चांगले मुद्देही हलके होतात.

---

धारवाला_सीए

वरच्याशी सहमत. पैशांच्या बाजूने थोडी भर.

भरून सोडवायचे असेल तर कसे भरता याला फार महत्त्व आहे. नेहमी घडते ते असे: डीआरसी-०३ (स्वतःहून रक्कम भरण्याचा फॉर्म) ने रक्कम भरली जाते, कारण “व्हॉलंटरी” निवडले जाते, अधिकारी एमओव्ही-०५ देऊन गाडी सोडतो आणि एमओव्ही-०९ चा (दंडाचा) आदेश काढतच नाही. १२९(५) म्हणते की रक्कम भरली की कारवाई संपली असे मानायचे. आता अपील करायला आदेशच नाही! तीन महिन्यांनी पोर्टलवर शोधाशोध होते तेव्हा तिथे काहीच नसते.

यावर सुप्रीम कोर्टाने जुलै २०२५ मध्ये एएसपी ट्रेडर्स विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या प्रकरणात स्पष्ट केले आहे: माल सोडवण्यासाठी पैसे भरले म्हणून अपिलाचा हक्क सोडला असे होत नाही. हरकती नोंदवलेल्या असताना अधिकाऱ्याने कारणांसह एमओव्ही-०९ चा आदेश काढलाच पाहिजे. तेव्हा क्रम असा ठेवा: आधी नोटिशीला हरकतीचे उत्तर, त्याची पोच, मग पैसे, आणि पैशांसोबत एका पानाचे पत्र: “व्यवसायाच्या निकडीपोटी, हक्क राखून रक्कम भरत आहोत, हरकती कायम आहेत, १२९(३) खाली कारणांसह आदेश द्यावा.” उत्तर आधी आणि पैसे नंतर. उलट केलेत तर हरकतच नव्हती असे म्हणायला समोरच्याला जागा मिळते.

दंड रोखीच्या लेजरमधूनच (पोर्टलवरचे रोख खाते) जाणार, इनपुट क्रेडिट चालत नाही. २,३०,४०० रोख उभे करणे जड असेल तर १२९(१)(क) ची हमी बघा. बँक हमीचा मजकूर बँकेच्या नेहमीच्या साच्यात आणू नका. त्या साच्यात एक वर्षाची मुदत आणि “त्यानंतर दावा आपोआप संपुष्टात” हे वाक्य असते आणि अधिकारी तिथेच अडतो. नूतनीकरणाचे कलम घालून घ्या आणि मसुदा आधी त्या कार्यालयाला दाखवा.

आधी डीआरसी-०३ ने भरले असेल आणि नंतर आदेश येऊन मागणी पोर्टलवर चढली, तर ती रक्कम आपोआप वळती होत नाही. डीआरसी-०३ए ने त्या मागणीच्या क्रमांकाशी जोडावी लागते. नाही तर अख्खी मागणी थकबाकी म्हणून दिसत राहते आणि वसुलीचे मेसेज यायला लागतात.

---

खतावणी_००७

मनापासून आभार. दोन शंका. (१) नोटिशीत “मालक पुढे आलेला नाही” असे लिहिले आहे, पण दंड २०० टक्केच लावला आहे. याचा काही धोका? (२) भरलेच नाही, नुसते अपील केले तर माल लिलावात जाईल का? अपिलाची मुदत ३ महिने आणि पैशांची १५ दिवस, हे जुळत नाही.

---

कलमकसाई

(१) धोका आहे आणि तो लगेच मिटवा. मालक पुढे आला तर १२९(१)(अ): कराच्या २०० टक्के, तुमच्याकडे २,३०,४००. पुढे आला नाही तर (ब): मालाच्या किमतीच्या ५० टक्के किंवा कराच्या २०० टक्के, यांतले जे जास्त ते. ६,४०,००० चे ५० टक्के म्हणजे ३,२०,०००. एका वाक्यापायी ८९,६०० रुपयांचा फरक. आदेशात ते वाक्य तसेच राहिले आणि आकडा “दुरुस्त” झाला तर डोकेदुखी. ३१ डिसेंबर २०१८ च्या ७६ क्रमांकाच्या परिपत्रकात स्पष्ट आहे की मालासोबत बिल असेल तर पाठवणारा किंवा घेणारा, दोघांपैकी कुणालाही मालक मानायचे. अधिकारपत्र, जीएसटी नोंदणीची प्रत आणि बिल घेऊन पुरवठादाराचा माणूस हजर राहू द्या, आणि “आम्ही मालक म्हणून पुढे येत आहोत” हे लेखी द्या. ड्रायव्हरच्या भरवशावर सोडू नका.

(२) तुम्ही अचूक जागी बोट ठेवले आहे. आदेशाची प्रत मिळाल्यापासून १५ दिवसांत रक्कम भरली नाही तर १२९(६) खाली माल विकता येतो. नाशवंत किंवा धोकादायक माल असेल तर हे १५ दिवसही कमी करता येतात. विक्रीची पद्धत नियम १४४ए मध्ये आहे आणि तोच नियम म्हणतो: १०७ खाली अपील दाखल झाले असेल, त्याची पूर्वठेव (अपिलासाठी आधी भरायची रक्कम) भरलेली असेल, तर विक्रीची कारवाई स्थगित मानायची. (नाशवंत मालाला ही सवलत नाही.) म्हणजे अपिलाचे ३ महिने कागदावर आहेत, पण माल वाचवायचा तर अपील पंधरा दिवसांच्या आत गेले पाहिजे. “अजून अडीच महिने आहेत” म्हणून बसलेल्यांचा मालच विकला जातो.

उशीर झालाच तर शेवटची फट: लिलावाची डीआरसी-१० ची नोटीस निघण्याआधी दंड आणि माल सांभाळण्याचा खर्च भरला, तर लिलाव रद्द करून माल सोडावा लागतो.

गाडीचे वेगळे. ट्रान्सपोर्टरने १२९(३) चा दंड किंवा १ लाख, यांतले जे कमी ते भरले की गाडी सुटते. त्याला हे सांगा, म्हणजे तो तुमच्यावर दबाव टाकायचा थांबेल. मात्र १२९(३) चा दंड ठरतो तो आदेशात, त्यामुळे आदेश झाल्याशिवाय ही वाट प्रत्यक्षात उघडत नाही.

---

पायरीवरचा_वकील

रिटच्या बाजूने लिहितो, कारण वर कुणी ती बाजू नीट मांडलेली नाही.

सत्यम शिवम पेपर्सचा निकाल (सुप्रीम कोर्ट, जानेवारी २०२२) खरा आहे. मुदत संपलेल्या ई-वे बिलावरून करचुकवेगिरीचा हेतू गृहीत धरता येत नाही म्हणून तेलंगण हायकोर्टाने वसुली रद्द केली, सुप्रीम कोर्टाने तो निर्णय कायम ठेवला आणि खर्चाची रक्कम वाढवून ६९,००० केली. पण तो निकाल गुणदोषांवर तुमच्या कामाचा आहे. तो अपिलातही वाचता येतो. “अपील सोडून रिट ऐका” यासाठी तो पुरा पडत नाही.

त्या प्रश्नावर उभा आहे कमर्शियल स्टीलचा निकाल (सप्टेंबर २०२१). तोही कलम १२९ चाच आणि तोही तेलंगणातूनच गेलेला. सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाचा आदेश बाजूला ठेवला आणि सांगितले की १०७ चे अपील असताना रिट ऐकायचे ते चारच प्रसंगी: मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायतत्त्वाचा भंग, अधिकारकक्षेचे उल्लंघन, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. गाडी सरळ वाटेवर होती की वळवली होती, ही वस्तुस्थितीची तपासणी अपिलातच. तुमचे टायर प्रकरण हे शंभर टक्के वस्तुस्थितीचे आहे. बेंचसमोर पावती वाचायला घेतलीत की पहिलाच प्रश्न येईल: “हे अपिलीय अधिकाऱ्यापुढे का नाही?”

याचा अर्थ रिट “चालतच नाही” असा नाही. गोदरेज सारा ली (फेब्रुवारी २०२३) मध्ये कोर्टाने फरक दाखवला: रिट दाखल होऊ शकते का, हा एक प्रश्न, आणि कोर्टाने ती ऐकावी का, हा दुसरा. पर्यायी उपाय असल्याने हायकोर्टाचा अधिकार जात नाही, ते फक्त स्वतःला आवरते. निव्वळ कायद्याचा प्रश्न असेल आणि वस्तुस्थितीचा वाद नसेल, तर ऐकू शकते.

मग कोणत्या फाइली तिथे टिकतात? ज्यांत दोष कागदावरच दिसतो. आदेश सातव्या दिवसानंतरचा. सुनावणी लेखी मागितली आणि आदेशात तिचा उल्लेखच नाही. नोटीस एका कारणासाठी आणि आदेश दुसऱ्याच कारणावर. १२९ चे अधिकार ज्याला सोपवलेलेच नाहीत अशा अधिकाऱ्याची सही. चारांपैकी एक जरी पहिल्या दोन पानांत तारखांच्या तक्त्यातून दाखवता आले तर रिट टाका. नाही आले तर अपील.

आणि नोटिशीच्या टप्प्यावर तर नकोच. शिव एंटरप्रायझेस (जानेवारी २०२३) मध्ये हायकोर्टाने कलम १३० ची (माल सरकारजमा करण्याची) नोटीसच रद्द केली होती. सुप्रीम कोर्टाने तो आदेश फिरवून प्रकरण परत अधिकाऱ्याकडे पाठवले. तुमचा आदेश अजून झालेला नाही. आज रिट टाकली तर “अकाली” या एका शब्दात ती निकाली निघेल.

सर्वांत मोठी चूक मात्र वेगळीच आहे: रिट टाकून अपिलाची मुदत घालवणे. १०७ मध्ये ३ महिने, आणि पुरेसे कारण दाखवले तर वर १ महिना. त्यापुढे अपिलीय अधिकाऱ्याच्या हातात काही नाही. मग “अपिलाचा उपाय उरला नाही, आता रिट ऐका” असे म्हणता येत नाही; ग्लॅक्सोच्या निकालात (मे २०२०) सुप्रीम कोर्टाने ते दार लावून घेतले आहे. रिट मागे घ्यावी लागलीच तर अपिलाची मोकळीक आणि कोर्टात गेलेला काळ मुदतीतून वगळण्याची ओळ आदेशात लिहून घ्या. तोंडी “जा अपिलात” एवढ्यावर निघू नका.

पर्यायी उपायाबद्दलचा परिच्छेद रिटमध्ये प्रामाणिकपणे लिहा. अपील दाखल केलेले असेल आणि ते लपवले तर दोन्हीकडची बाजू जाते.

---

धारवाला_सीए

पूर्वठेवीचा आकडा कुणी दिला नाही म्हणून. १२९(३) च्या आदेशावरील अपिलाला आधी दंडाच्या २५ टक्के भरावे लागत. २०२५ च्या वित्त कायद्याने नुसत्या दंडाच्या आदेशांसाठी ते १० टक्के झाले आणि १ ऑक्टोबर २०२५ पासून हेच लागू आहे. तुमच्याकडे २३,०४०, तेही रोखीच्या लेजरमधून. जुन्या टेम्प्लेटवर अजून २५ लिहिलेले दिसते, तपासून घ्या.

हे भरले की उरलेल्या रकमेची वसुली थांबते आणि वर सांगितल्याप्रमाणे विक्रीही. माल मात्र तिथेच राहतो! पाइप उन्हात उघड्यावर पडले तर रंग उडतो, वाकतात. अपील जिंकून वर्षभराने ते घेऊन काय करणार? म्हणून टिकाऊ, कमी किमतीचा माल आणि ठाम मुद्दा असेल तरच “न भरता अपील” परवडते. एरवी हमी किंवा रक्कम देऊन माल सोडवा आणि अपील पैशांसाठी लढा.

एपीएल-०१ (अपिलाचा फॉर्म) भरताना आदेश पोर्टलवर चढलेला असेल तर प्रमाणित प्रत वेगळी द्यावी लागत नाही. चढलेला नसेल तर स्वप्रमाणित प्रत ७ दिवसांत द्या, नाही तर अपिलाची तारीख पुढे सरकते आणि मुदतीच्या काठावर असाल तर तिथेच घात होतो. मुदत मोजताना ड्रायव्हरच्या हातात आदेश पडला तो दिवस धरा. “ई-मेल नंतर आला” हा वाद उगाच कशाला ओढवून घ्यायचा?

---

कंटेनर_४०फूट

थोडे विषयाबाहेर. आयात मालाची कस्टम्सने जप्ती केली तर हेच गणित का? तिथे एक कंटेनर पाच आठवडे उभा आहे आणि नोटीसही नाही. थेट हायकोर्टात जावे असे सुचवले जात आहे.

---

पायरीवरचा_वकील

तत्त्व तेच, वाटा वेगळ्या. पाच आठवड्यांत “नोटीस नाही” ही तक्रारच नाही. कस्टम्स कायदा १९६२, कलम ११०(२): जप्तीपासून ६ महिन्यांत कलम १२४ ची (कारणे दाखवा) नोटीस. वरिष्ठ अधिकारी लेखी कारणे देऊन आणखी ६ महिन्यांपर्यंत वाढवू शकतो, पण पहिली मुदत संपण्याआधी तुम्हाला कळवून. मुदत उलटली आणि वाढही नाही, तर माल परत मागण्याचा हक्क तयार होतो, आणि तेव्हा रिटला खरे वजन असते.

तोवरचा उपाय कलम ११०ए: तात्पुरत्या सुटकेचा अर्ज. बंधपत्र आणि हमी, अटी अधिकारी ठरवतो. हा अर्ज न करता कोर्टात गेलेल्यांना कोर्ट पहिली गोष्ट हीच सांगते: अर्ज करा, इतक्या दिवसांत निर्णय द्या. म्हणजे महिना घालवून तिथेच परत. अर्ज आजच द्या. त्यात मालाची यादी, जाहीर केलेली किंमत, शुल्क कुठे वादात आहे, आणि कोणत्या अटी मान्य आहेत ते स्वतःहून लिहा. निर्णय न देता बसले तर निर्णय द्या एवढ्यापुरती रिट हा रास्त मार्ग आहे आणि ती बहुधा लवकर निघते. जाचक अटी लावल्या तर त्या आदेशावर आधी अपील.

मात्र एक लक्षात ठेवा: ११०ए खाली तात्पुरती सुटका मंजूर झाली की २०१८ च्या दुरुस्तीनुसार ६ महिन्यांची ती मुदत लागू राहत नाही. जप्तीला पाचवा महिना उलटून गेला असेल तर अर्ज करण्याआधी हे तोलून पाहा. पाच आठवड्यांवर तोलायला काही नाही, माल सोडवा.

---

घाटावरचा_क्लिअरिंग

कंटेनरवाल्यांसाठी: कायद्यापेक्षा भाडे जास्त खाते. दोन कागद ताबडतोब.

एक, कलम ४९ खाली माल बंधित गोदामात हलवण्याची परवानगी. मंजुरी मिळेपर्यंत माल तिथे ठेवता येतो, मुदत ३० दिवस, पुढे वाढवून मिळते. कंटेनर रिकामा करून परत दिला की शिपिंग लाइनचा मीटर थांबतो.

दोन, डिटेन्शन-डेमरेज (कंटेनर आणि माल पडून राहिल्याचे भाडे) माफीचे प्रमाणपत्र. कस्टम क्षेत्रातील माल हाताळणीच्या २००९ च्या विनियमांत ६(१)(एल) आहे: जप्त किंवा अडवलेल्या मालावर गोदामवाल्याने भाडे लावायचे नाही. शिपिंग लाइनसाठी तशीच तरतूद २०१८ च्या सागरी मालाच्या विनियमांत १०(१)(एल) ला आहे. प्रमाणपत्रात “पासून–पर्यंत” तारखा आणि कंटेनर नंबर हवेतच. “सदर मालास सवलत द्यावी” एवढेच लिहिलेले प्रमाणपत्र काउंटरवरूनच परत येते. तारखा असूनही नाकारतात, कारण २००९ च्या तरतुदीची सुरुवातच “इतर कायद्याच्या अधीन राहून” अशी आहे आणि बंदर आपल्या वेगळ्या कायद्याकडे बोट दाखवते. नकार लेखी घ्या. पुढे भाड्यावरच रिट करायची वेळ आली तर तो नकारच तुमचा मुख्य कागद असतो.